काव्यमय माहितीपट आणि गच्चीचा कठडा

भिंगरीच्या आईचा कशावरच विश्वास नव्हता, असं म्हणणं अन्यायाचं होईल. गुरुत्वाकर्षणावर तिचा पूर्ण विश्वास होता. जे पडू शकतं ते पडतंच, आणि पडायला ते नेमकी आपली नजर हटायची वाट बघत असतं, हे भिंगरी रांगायला लागल्यापासून तिला पक्कं ठाऊक झालं होतं. म्हणून घरातल्या टेबलांच्या कोपऱ्यांना जुने मोजे चढवलेले होते. फिनेलची बाटली इतक्या बंदोबस्तात ठेवली होती की आता ती घरात कुणालाच सापडत नव्हती. खिडकीच्या कडीला दोरी होती, दोरीला गाठ होती आणि त्या गाठीवर संशय म्हणून आणखी एक गाठ होती. सासूबाई म्हणायच्या, "अगं, आम्हीही मुलं वाढवलीच की." त्यावर ती मनात म्हणायची, हो, आणि तुमच्या मुलाच्या भुवईवरची ती टाक्यांची खूण कशाची, तेवढं सांगा.

भिंगरीचं खरं नाव वेगळं होतं. पण जिला एका जागी उभं करून हाक मारता येत नाही तिला खऱ्या नावाचा उपयोग काय, म्हणून सगळी इमारत तिला भिंगरी म्हणायची आणि तिच्या आईला भिंगरीची आई. भिंगरीच्या आईने कॉलेजात चित्रपटाचा अभ्यास केला होता आणि त्यात तिला पहिला वर्ग मिळाला होता, ही गोष्ट या नावात कुठेच बसत नव्हती. याचं तिला अधूनमधून वाईट वाटे. पण वाईट वाटून घ्यायला बसलं की भिंगरी काहीतरी तोंडात घाली, म्हणून तेही पुरतं वाटून घेता येत नसे.

तर, घरातला बंदोबस्त पुरा झाला होता. पण घराच्या डोक्यावर गच्ची होती.

इमारतीच्या आवारात गाड्यांची अशी दाटी होती की तिथे मूल सोडायचं म्हणजे आधी एखादी गाडी बाहेर काढावी लागे. फाटकाबाहेर सरळ रस्ता. राहिली गच्ची, म्हणून संध्याकाळी सगळी मुलं गच्चीवर. आणि गच्चीचा कठडा कुणा काटकसरी माणसाने बांधलेला. मोठ्या माणसाच्या जेमतेम पोटापर्यंत यायचा. भिंगरी अलीकडे कुंडी ओढत न्यायला शिकली होती. कुंडी कठड्याकडेच का न्यायची, हे विचारण्यात अर्थ नव्हता. मांजर बशीकडेच का जातं?

कठड्यावर जाळी बसवा, एवढंच तिचं मागणं होतं. ते मीटिंगमध्ये मांडून झालं होतं आणि पडूनही झालं होतं, आणि ते कसं पडलं हे सांगायचं तर या इमारतीची रीत सांगायला हवी.

या इमारतीत मतदान नसे. विरोधसुद्धा तोंडाने करायचा नसे. एका घराची एक खुर्ची. ती घेऊन खाली पार्किंगमध्ये यायचं आणि गोल करून बसायचं. ज्याला ठराव पसंत नाही त्याने काही न बोलता खुर्ची फिरवायची आणि सगळ्यांकडे पाठ करून भिंतीकडे तोंड करायचं. मग बाकीच्यांनी एकेक करून त्याच्याजवळ जायचं, हळू आवाजात समजूत घालायची, त्याचं ऐकून घ्यायचं. सगळ्या खुर्च्यांची तोंडं पुन्हा आत झाली की ठराव पास. नाहीच झाली, तर ज्याने विषय मांडला त्याने तो मागे घ्यायचा. तोवर चहाच्या किटलीचं झाकण काढायचं नाही. घरातली बाकी माणसं खुर्चीच्या मागे उभी राहिली तर चालत, पण उभ्या माणसाने बोलायचं नाही. ही रीत कुणी पाडली हे कुणालाच माहीत नव्हतं. जुनी मंडळी म्हणत की पूर्वी दोघांची हातापायी होता होता टळली तेव्हापासून. दुसरा एक पंथ असा होता की पहिल्या माणसाच्या डोळ्यावर ऊन येत होतं, म्हणून त्याने खुर्ची फिरवली, आणि बाकीचे उगाच घाबरले.

मागच्या मीटिंगला नवऱ्याने जाळीचा विषय मांडला, आणि सगळ्यात वरच्या मजल्यावरच्या अण्णांनी खुर्ची फिरवली. अण्णा एकटे राहत, कमी बोलत आणि रोज संध्याकाळी गच्चीवर येऊन नेमके त्याच कठड्यापाशी उभे राहत. मुलं आली की बाजूला सरकत, पण हसत नसत. भिंगरीच्या आईला हसणाऱ्या माणसांचाही संशय येई, मग न हसणाऱ्यांचं तर विचारूच नका.

"मग तू काय केलंस?" तिने नवऱ्याला विचारलं होतं.

"मागे घेतला विषय."

"लगेच?"

"अगं, ते पाठ करून बसले. म्हातारा माणूस. बरं दिसत नाही."

ती त्या दिवशी घरात भिंगरीला निजवत होती. एका घराची एक खुर्ची, आणि ती खुर्ची अशा माणसाच्या ताब्यात, ज्याला बरं दिसायला हवं होतं.

पुढे कॉलेजच्या जुन्या विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर सरांचा निरोप आला. लघु माहितीपटांची स्पर्धा होती. विषय: रीत, परंपरा आणि समूहाने घेतलेले निर्णय. मांडणी काव्यमय असावी. तिने तो निरोप वाचला आणि डाळीला फोडणी द्यायची सोडून तशीच उभी राहिली. फोडणी जळली. सासूबाई बाहेरून म्हणाल्या, "काय जळतंय?" ती म्हणाली, "काही नाही, सुचतंय."

सुचलं होतं ते असं: मीटिंग कॅमेऱ्यात घ्यायची, आणि त्याच मीटिंगला जाळीचा विषय पुन्हा मांडायचा. कॅमेऱ्यासमोर पाठ दाखवणारा माणूस अजून जन्माला यायचाय.

"हे थोडं कपटी नाही वाटत?" नवरा म्हणाला.

"कपटी नाही. काव्यमय आहे."

"काव्य कुठंय यात?"

"ऐक." तिने निवेदनाची पहिली ओळ वाचून दाखवली. "'खुर्ची ही माणसाची न बोललेली बाजू आहे.'"

नवऱ्याने बराच विचार केला. "म्हणजे काय?"

"कळायची गरज नाही. जाणवायला हवं."

"मला भूक जाणवतेय," नवरा म्हणाला. डाळ नसल्यामुळे त्या दिवशी काव्य तिथेच थांबलं.

परवानगीसाठी ती सेक्रेटरींकडे गेली. सेक्रेटरी सज्जन होते, पण सज्जनपणाला त्यांनी नियमांचं कुलूप लावलं होतं. "मीटिंगचं शूटिंग करायचं तर त्याला मीटिंगची मंजुरी पाहिजे," ते म्हणाले.

"मग मीटिंगमध्येच विचारते."

"पण त्या मीटिंगला कॅमेरा आणता येणार नाही. मंजुरी नसेल ना."

"नाही आणत."

"मग कशाचं शूटिंग करणार हे लोकांना कळणार कसं? कॅमेरा बघितल्याशिवाय लोक मंजुरी देणार नाहीत."

सेक्रेटरींच्या चेहऱ्यावर आनंद नव्हता. कुणी इतक्या मोठ्या गाठीत अडकलेलं बघून त्यांना मनापासून वाईट वाटत होतं. शेवटी त्यांनीच वाट काढली: कॅमेरा आणायचा, पण मंजुरी मिळेपर्यंत त्यावर रुमाल टाकायचा.

कॅमेरा म्हणजे तिचा फोनच होता. पण फोनसाठी तिने मैत्रिणीकडून उंच तीन पायांचं स्टँड मागून आणलं, आणि तिथे घोटाळा झाला. सराव म्हणून एका सकाळी तिने ते आवारात उभं केलं, एक डोळा मिटून फाटकाकडे बघितलं, स्टँड थोडं सरकवलं, पुन्हा बघितलं. पहिल्या मजल्यावरच्या मावशी खिडकीत होत्या. मावशी खिडकीत नाहीत अशी वेळ इमारतीने पाहिलेली नव्हती. त्यांनी वरून विचारलं, "काय गं, मोजणी का?"

"नाही हो मावशी. कोन बघतेय."

कोन बघतेय हे उत्तर निरुपद्रवी होतं, पण मावशींनी ते अर्धं पदरात घेतलं आणि अर्धं स्वतः शिजवलं. जेवणवेळेपर्यंत इमारतभर झालं की रस्ता रुंद होणार, मोजणी सुरू झाली, कुणी कुठे जागा अडवलीय ते टिपलं जाणार, आणि भिंगरीच्या आईला मोजणीवाल्यांपैकी कुणीतरी हाताशी धरलंय. गरीब बिचारी दिसते, पण बघा.

दुसऱ्या दिवशी ती जिने चित्रित करायला निघाली. जिन्यात चपलांचे स्टँड, जुनी सायकल, कुणाची तुटकी पेटी, असं मिळून जे सामूहिक जीवन होतं, तेच तिला माहितीपटात हवं होतं. बघते तर सगळं गायब. जिने रुग्णालयासारखे स्वच्छ. चेअरमननी आपल्या दाराबाहेर वाढवलेला कट्टासुद्धा चटई टाकून झाकला होता, आणि त्यावर कुणी सहज बसलेलं दिसावं म्हणून आपल्या बायकोला, वहिनींना, बसवलं होतं. वहिनींच्या हातात निवडायला भाजीही नव्हती.

"बसलात?" तिने विचारलं.

"बसले," वहिनी म्हणाल्या आणि दाराकडे बघितलं. दार आतून हलकेच लागलं.

आता संशय यायची पाळी तिची होती. लोक सामान का लपवतायत? काहीतरी शिजतंय. आपल्याला न सांगता मीटिंग झाली असावी. तिने नवऱ्याला विचारलं, त्याने नाही म्हटलं. पण त्याला सांगितलं असतं तरी तो नाहीच म्हणाला असता, कारण कुणीतरी सांगू नका म्हटलं असतं आणि सांगणं बरं दिसलं नसतं. तिने सासूबाईंना विचारलं. सासूबाई म्हणाल्या, "मला कोण काय सांगतंय," आणि हे वाक्य त्यांनी इतक्या घाईने म्हटलं की तिच्या मनात त्यांचंही नाव नोंदलं गेलं.

अण्णा तिला गच्चीच्या जिन्यावर भेटले. ती भिंगरीला कडेवर घेऊन चढत होती, ते उतरत होते. त्यांनी वाट अडवली नाही, पण सोडलीही नाही.

"ती फिल्म," ते म्हणाले. "त्यात मी कशाला हवा?"

"सगळेच आहेत अण्णा. तुमचा चेहरा बोलका आहे."

"माझा?" अण्णांनी गालावरून हात फिरवला, जणू तिथे काही लिहिलंय का ते चाचपत होते. "म्हणजे तुम्हाला माझा चेहरा हवाय. पाठ नको."

भिंगरीने तेवढ्यात अण्णांच्या खिशातलं पेन ओढून घेतलं, आणि ते परत मिळवण्याच्या खटपटीत उत्तर द्यायचं राहून गेलं. अण्णा उतरून गेले. हा माणूस सगळं ओळखून आहे, तिने ठरवलं. आणि ओळखून गप्प आहे, म्हणजे काहीतरी योजून आहे.

मीटिंगचा रविवार उजाडला. तिने स्टँड लावलं, फोनवर रुमाल टाकला आणि लोकांची वाट बघत उभी राहिली. आणि लोक येऊ लागले तसं ते स्टँड तिला मागे मागे सरकवावं लागलं; खुर्च्या चौकटीत मावेनात.

एरवी सगळे प्लॅस्टिकच्या खुर्च्या आणत. एका हाताने उचलायच्या, एका बोटाने फिरवायच्या. सेक्रेटरींनी नोटिशीत शूटिंगचं लिहिल्यापासून मोजणीची भीती मागे पडली होती; आज माहितीपट होता. चेअरमनची दिवाणखान्यातली कोरीव हातांची खुर्ची दोघांनी उचलून आणली, आणि उचलताना एकाच्या कमरेत लचक भरली. सेक्रेटरींची खुर्ची नवी होती, तिच्यावरचं कंपनीचं प्लॅस्टिक त्यांनी काढलेलं नव्हतं. ते श्वास घेत तरी ते कुरकुरे. मावशींनी मखमलीचा कोच आणायचा हट्ट धरला होता; तो जिन्याच्या वळणात अडकला म्हणून त्या वळणातच कोचावर बसून होत्या आणि मला इथून दिसतंय म्हणत होत्या. तिचा नवरा घरातली जड लाकडी खुर्ची घेऊन घामाघूम होऊन आला. ती सासूबाईंनी दिली होती. "फिल्ममध्ये प्लॅस्टिक दिसलं तर लोक म्हणतील, यांच्याकडे बसायला नाही."

शेवटी अण्णा आले. त्यांनी गुळगुळीत दाढी केली होती आणि ते एक खुर्ची ढकलत आणत होते. खाली चाकं. गोल फिरणारी. ऑफिसातली.

ही तयारी आहे, तिच्या मनात आलं. हा माणूस फिरायच्या तयारीनेच आलाय.

शूटिंगला मंजुरी मिळाली, रुमाल निघाला, आणि इमारत बदलून गेली. एरवी मीटिंगला एकमेकांवर गुरगुरणारी माणसं अशी हसत बसली की दातांच्या डॉक्टरकडे रांग लागलीय असं वाटावं. नवऱ्याने विषय मांडला. तिने त्याच्याकडून तो आरशासमोर घोकून घेतला होता, त्यामुळे तो समोरच्या माणसांना सोडून थेट फोनकडे बघत बोलला. "गच्चीच्या कठड्याला जाळी बसवावी. मुलं लहान आहेत." मग थांबून, आठवून, "आणि निरागस."

कुणीही फिरलं नाही. फिरवणार कशा? कोरीव खुर्चीला दोन माणसं लागत होती. आणि पाठ दाखवून हसता येत नाही.

अण्णांची खुर्ची मात्र हलली. पार्किंगची फरशी पाणी वाहून जावं म्हणून एका बाजूला उतरती होती, हे कुणाच्या ध्यानात नव्हतं. अण्णा पाय उचलून फिरायला गेले, खुर्ची फिरता फिरता उतारावर निघाली, आणि अण्णांनी घाईने पाय टेकले तेव्हा त्यांचं तोंड ना आत होतं ना बाहेर. ते आडवे होते.

सभेत कुजबुज झाली.

"आडवं म्हणजे काय समजायचं?" चेअरमननी विचारलं.

"आडव्याची पद्धत नाही," सेक्रेटरी म्हणाले आणि कुरकुरले. "एक तर सरळ, नाहीतर पाठमोरं."

बोलायची रीत नव्हती. अण्णा फक्त पायांनी फरशी घट्ट धरून बसले होते. भिंगरीच्या आईने फोनच्या पडद्यावरून त्यांच्याकडे बघितलं आणि तिला वाटलं, जिंकलो. थोडा धीर धरला की हे आडवे आहेत ते सरळ धरले जातील.

तेवढ्यात चेअरमन कोरीव हातांवर हात टेकून सरसावले. कॅमेऱ्यासमोर सगळे होकारार्थी होतात, हे एव्हाना त्यांच्याही लक्षात आलं होतं, आणि चेअरमन माणूस संधीला नमस्कार करून पुढे जाऊ देणारा नव्हता. "मुलांची सुरक्षा महत्त्वाची," ते फोनकडे बघून मधाळ आवाजात म्हणाले. "जाळी बिळी बसवत बसण्यापेक्षा सरळ गच्चीला कुलूप लावू. किल्ली माझ्याकडे. ना मुलं वर जातील, ना पडतील. अण्णांनाही जाळीचा त्रास नको."

माना हलल्या. सगळ्यांत आधी तिच्या नवऱ्याची हलली.

"हेच करू," वळणातून मावशींचा आवाज आला. "जिना पण स्वच्छ राहील."

"एकमताने," सेक्रेटरी म्हणाले, आणि कुणाचा तरी हात किटलीच्या झाकणाकडे गेला.

भिंगरीच्या आईच्या डोळ्यांसमोर गच्चीचं दार आलं, त्याला कुलूप आलं, आणि मग संध्याकाळ आली. त्या संध्याकाळी भिंगरी कुठे असेल? आवारात, मागे घेणाऱ्या गाडीच्या चाकापाशी. नाहीतर फाटकात. फाटकाची कडी आता तिचा हात पुरेल इतक्या खाली होती. हे सगळं तिनेच घडवून आणलं होतं, चांगल्या उजेडात, योग्य कोनातून.

पण ती उभी होती, आणि उभ्या माणसाने बोलायचं नसतं. घराची खुर्ची नवऱ्याकडे होती. तिने त्याला हाताने खूण केली: फीर. नवऱ्याने खूण पाहिली, समजल्यासारखी मान डोलावली आणि चेहरा थोडा डावीकडे वळवला. त्याला वाटलं, ती कोन सांगतेय. तिने जोराने खूण केली. त्याने चेहरा आणखी वळवला आणि हनुवटी उचलली. त्या बाजूने तो खरंच बरा दिसत होता.

मग तिने स्टँड सोडलं. गोलाच्या मधून चालत गेली, लाकडी खुर्चीच्या पाठीला दोन्ही हात घातले आणि नवऱ्यासकट ओढली. पार्किंगमध्ये असा कर्कश आवाज झाला की बाहेर एक कुत्रं भुंकायला लागलं.

"अगं, मी हसतोय अजून," नवरा खाली आवाजात म्हणाला.

"ऊठ."

तो उठला. ती बसली. समोर भिंत होती, भिंतीवर विजेचे मीटर होते, आणि मागे एवढी शांतता होती की सेक्रेटरी श्वास धरून बसल्याचं कळत होतं. शिकलीसवरलेली बाई, असं कुणीतरी म्हणेल, असं तिला वाटलं. कुणी म्हणालं नाही, म्हणून ते जास्तच लागलं.

तेवढ्यात डावीकडून चाकांचा आवाज आला. अण्णा उताराच्या विरुद्ध, पायांनी ढकलत ढकलत, तिच्या शेजारी येऊन थांबले. भिंतीकडे तोंड करून. दोन पाठी झाल्या.

"कुलूप तर तुमच्या मुलीसाठीच लावतायत," अण्णा हळू आवाजात म्हणाले.

"मला कुलूप नको होतं. जाळी हवी होती. तुम्ही का वळलात? जाळीचा विषय तर बारगळला."

"मला कुलूपही नको."

"मग जाळी का नको?"

"हे मागच्या वेळी विचारायचं होतं. तुझा नवरा मी फिरून नीट टेकायच्या आत विषय मागे घेऊन मोकळा. एकही माणूस येऊन बसला नाही माझ्याजवळ. मी आपला मीटर वाचत बसलो."

ते आता तिला अगं-तुगं करू लागले, हे तिच्या लक्षात आलं. तिने ते संशयितांच्या रकान्यात टाकलं. "आता विचारते," ती म्हणाली.

अण्णांनी गुडघ्यांवर कोपरं टेकली, मग काढून घेतली. "कठड्यावर कोपरं टेकायला लागतात मला. जाळी आली की कोपरं कुठे टेकू?"

"एवढ्यासाठी?"

"आमची ही टेलिफोनच्या ऑफिसात होती. संध्याकाळच्या बसने यायची. मी वर उभा असायचो. वर बघायची नाही ती, लोक काय म्हणतील. फक्त पिशवी या खांद्यावरची त्या खांद्यावर घ्यायची. म्हणजे बघितलं, असं. मग मी खाली येऊन चहा ठेवायचो." ते थांबले. "आता बस गेली की खाली येतो. चहा ठेवतो. उभं राहिल्याशिवाय ठेवायला जमत नाही."

हे खरं असेल की मनधरणीसाठी सांगतायत, असा संशय तिला तिथेही आलाच. तिने तिरक्या नजरेने बघितलं. अण्णा एका मीटरचं गोल फिरणारं चाक बघत होते, आणि त्यांच्या ताज्या दाढीखाली एक नस हलत होती. नस खोटं बोलत नाही, असं तिने कुठेतरी वाचलं होतं. कुठे ते आठवेना.

"जाळी बाहेरच्या बाजूने लावली तर?" ती म्हणाली. "कठड्याच्या बाहेरून वर घ्यायची. कठडा आहे तसाच. कोपरं टेकता येतील."

"नाकासमोर जाळी येईल. बस दिसायची नाही."

"हनुवटीपर्यंत घेऊ. वर मोकळं."

"हनुवटी माझी का चेअरमनची? त्यांच्या बऱ्याच आहेत."

तिला हसू आलं, ते तिने दाबलं; मागून हलणारे खांदे दिसले तर रडतेय असं समजून लोक धावून येतील. तसे ते आलेच. चेअरमन समजूत घालायला वाकले. "ताई, अण्णा, चहा निवतोय. काय हवंय तुम्हाला?"

"तुमची हनुवटी नको," अण्णा म्हणाले. चेअरमन सरळ झाले आणि परत गेले. मग सेक्रेटरी आले, मग भिंगरीला कडेवर घेऊन सासूबाई आल्या, आणि सासूबाईंनी तिच्या कानात विचारलं, "खुर्चीचा पाय मोडला नाही ना?"

जाळीच्या भोकांवरून थोडी ओढाताण झाली. अण्णांना मोठी हवी होती, तिला इतकी लहान की त्यातून संशयसुद्धा बाहेर पडू नये. मधलं काहीतरी ठरलं. मग चाकांची खुर्ची फिरली, पण लाकडी खुर्ची एकटीने फिरेना. नवरा आला, चेअरमन आले, आणि कमरेत लचक भरलेले गृहस्थ लांबून सूचना देत राहिले. सगळी तोंडं आत झाली. कुलपाचा ठराव चेअरमननी मागे घेतला, आणि घेताना फोनकडे बघून हसायला विसरले.

माहितीपटात, नंतर बघितलं तेव्हा, शेवटी फक्त दोन पाठी होत्या. बराच वेळ. काय बोलणं चाललंय ते अजिबात ऐकू येत नव्हतं, आणि मागून सेक्रेटरींचं कुरकुरणं तेवढं स्पष्ट होतं. सर म्हणाले, यात काव्य आहे. पाठवायचा का, हे इमारतीला विचारलं, तर चेअरमननी खुर्ची फिरवली. बाजूने आपण फार जाड दिसतो, असं त्यांचं म्हणणं पडलं. त्यांची समजूत घालायला रोज कुणीतरी जातं. स्पर्धा एव्हाना होऊन गेली.

जाळी मात्र बसली. बसली त्या संध्याकाळी भिंगरीच्या आईने तिची तपासणी केली. भोकांतून चेंडू घालून बघितला, वरणाचा डाव घालून बघितला, भिंगरीच्या डोक्याएवढा कोबीचा गड्डा घालून बघितला. कोबी अडकला, ती समाधानाने मागे सरली, आणि तेव्हा तिला आठवलं की खाली गॅसवर दूध आहे. दुधावर लक्ष ठेवायला नवऱ्याला सांगितलं होतं, म्हणजे कुणालाच सांगितलं नव्हतं.

"चल," ती भिंगरीला म्हणाली. भिंगरीने जाळी दोन्ही हातांनी धरली आणि जमिनीवर बसली. ही तिची खुर्ची फिरवण्याची पद्धत होती.

अण्णा कठड्यावर कोपरं टेकून उभे होते. "जा," ते म्हणाले. "मी आहे इथे."

तिने जाळीकडे बघितलं, भिंगरीकडे बघितलं, अण्णांच्या हातांकडे बघितलं. हात म्हातारे होते. मग ती गेली. गच्चीच्या दारातून बाहेर पडली, पावलं वाजवत जिना उतरायला लागली, वळणावर थांबली, चपला काढून हातात घेतल्या, आणि आवाज न करता परत वर आली. दाराच्या फटीतून तिने बघितलं.

खाली कोपऱ्यावर बस येऊन थांबल्याचा आवाज आला. अण्णांचं एक कोपर कठड्यावर होतं. दुसऱ्या हाताच्या मुठीत भिंगरीच्या फ्रॉकची मागची बाजू होती, घट्ट पिळून धरलेली, आणि त्यांची नजर रस्त्यावर नव्हती, त्या मुठीवर होती. बस निघून गेली तरी नजर तिथून हलली नाही.

"दूध उतू जात असेल," ते मागे न बघता म्हणाले.

मग मात्र ती गेली.